स्वप्नांचा रकाना

सोमवारी अकरा वाजता वही कोर्टात हजर करायची होती, आणि रविवारची जेवणे उरकली तरी ती भास्कररावांच्या मांडीवरून हलली नव्हती.

वही म्हणजे पहिली वही. घडियाळी पोळ या गल्लीतल्या त्यांच्या होमिओपॅथिक पाठशाळेत आजवर रोग्यांच्या चौदा वह्या भरल्या होत्या, पण बाकीच्या तेरांशी कोर्टाला कर्तव्य नव्हते. नव्या कायद्याप्रमाणे वैद्यकी करणाऱ्या प्रत्येकाने नाव नोंदवायचे होते, आणि नोंदीसाठी मान्य पाठशाळेचे प्रमाणपत्र लागत होते. खात्याने भास्कररावांच्या पाठशाळेला मान्यता नाकारली. कागदावर कारणे पाच दिली होती, तोंडी एकच सांगितले: साखरेच्या गोळ्या वाटायला पाठशाळा कशाला हवी? तेव्हा भास्कररावांचा धाकटा मुलगा रमाकांत, जो वकील होता, त्याने अपील ठोकले. कायद्यात एक कलम असे होते की वीस वर्षांहून अधिक काळ जिथे गुरूच्या देखरेखीखाली विद्यार्थी रोगी तपासत आले आहेत, आणि तसा लेखी पुरावा आहे, ती पाठशाळा मान्य समजावी. न्यायाधीश म्हणाले, पुरावा आणा. तो १९१५ सालच्या या वहीत होता, आणि आता १९३६ चा चैत्र चालू होता. महाराजांच्या हीरक महोत्सवाच्या कमानींचे काही बांबू अजून मांडवीच्या चौकात उभे होते.

अडचण दोन प्रकारची होती. वही मोडीत होती, आणि कोर्टाला बालबोध नक्कल हवी होती, एकही ओळ न गाळता, वाचणारा आणि लिहिणारा या दोघांच्या शपथेवरच्या सह्यांनिशी. बाहेरून मोडी वाचणारा कारकून बोलवावा, तर दिवेलागणीपर्यंत वहीतला मजकूर पोळभर झाला असता. आणि तसे होऊन चालणार नव्हते, कारण वहीत स्वप्ने होती.

भास्कररावांची शिकवणच तशी. पोट दुखते एवढे ऐकून पुडी बांधणारा वैद्य त्यांच्या लेखी वाणी होता. पोट कुठल्या कुशीवर दुखते, पाणी गार बरे वाटते की गरम, राग कुणाचा येतो, आणि झोपेत काय दिसते, हे सगळे विचारायचे. प्रत्येक रोग्याच्या पानावर तळाशी एक रकाना आखलेला असे: स्वप्ने. जागेपणी माणूस वैद्याला फसवतो, पण झोपेत कुणाला फसवणार, असे ते म्हणत. आणि पहिल्या वर्षी या वेड्या विद्येकडे बाहेरचे कोण फिरकणार? घरचेच रोगी, आणि भिडेखातर आलेले पोळेतले काही शेजारी. म्हणून पहिल्या वहीत घरच घर होते, झोपलेले.

"तात्या, द्या ने ती वही," रमाकांत तिसऱ्यांदा म्हणाला. "चार वाजेपर्यंत नक्कल व्हायला हवी. मग मला कागद लावायचे आहेत."

"देतो. पण आधी हीराबा येऊन जाऊ देत."

हीराबा समोरच्या घरातल्या. सत्तरी कधीच उलटलेली. भास्करराव सकाळपासून शेजाऱ्यांकडे एकेक निरोप पाठवत होते: तुमचे स्वप्न कोर्टात वाचले जाईल, चालेल का? बाकीचे हयात नव्हते किंवा हसून हो म्हणाले होते. हीराबा मात्र स्वतः जिना चढून आल्या, दारातच बसल्या, आणि धाप ओसरल्यावर म्हणाल्या, "मारा सपनानी वात कचेरीमां वंचाय एमां मने वांधो नथी, भाई. पण मारी वहुना कान सुधी ना जवी जोईए."

"नहीं जाय, बा," भास्कररावांनी शब्द दिला. कोर्टात जाहीर होणारी गोष्ट सुनेपासून लपवायची, हा तर्क त्यांना पूर्ण पटलेला दिसला. हीराबा जिना उतरून गेल्यावर त्यांनी वही कपाळाला लावली आणि थोरल्या सुनेच्या हातात दिली.

थोरली सून म्हणजे कुसुमावती. तिचे वडील दफ्तरात होते, मुलगा नव्हता म्हणून त्यांनी मोडी मुलीला शिकवली, आणि भास्कररावांचे डोळे मोतीबिंदूने गेल्यापासून घरात मोडी वाचणारी तीच एक उरली होती. तिचा नवरा दामोदर हा पाठशाळेचा पहिला विद्यार्थी. १९१८ च्या मानमोडीच्या साथीत तीन आठवडे तो घरोघर औषध देत हिंडला, आणि चौथ्या आठवड्यात आपणच गेला. पहिल्या वहीतली बहुतेक पाने त्याच्या हातची होती.

लिहायला बसली होती त्याची मुलगी नीरा. अकरा विद्यार्थ्यांत शेवटच्या परीक्षेला पहिली आलेली. समा गावच्या बायकांनी धर्मशाळेतली एक खोली झाडूनपुसून तिच्यासाठी राखून ठेवली होती. पुरुष डॉक्टरला दुखणे दाखवण्यापेक्षा त्या मरण पत्करत आणि काही जणींनी ते पत्करलेही होते. मान्यता आली तर नीरा त्या खोलीवर पाटी लावू शकणार होती. नाही आली तर पाटी लावणे गुन्हा ठरणार होता. तिने दौत पुढे ओढली, कागदाला समास पाडला आणि म्हणाली, "आई, सांग."

दुपार अशी होती की वाळ्याच्या पडद्यावर मारलेले पाणीही वाळायचा कंटाळा करत होते. माडीवर स्पिरिटचा आणि दुधाच्या साखरेचा मिळून जो एक गोडसर वास कायमचा मुरलेला होता, तो उन्हात जास्त येई आणि नवख्याला गुंगी आणी. घरच्यांनाही तो वास म्हणजे अर्धी झोपच. कुसुमावती वाचू लागली. तिचा आवाज मुळातच सावकाश, त्यात मोडी लावायची म्हणजे शब्दाशब्दाला थांबणे आले.

"रोगी पहिला. सौ. इंदिराबाई, वय बेचाळीस. गुडघे दुखतात, पावसाआधी जास्त. गोड आवडते, पण नाही म्हणतात. स्वप्ने..." ती थांबली. इंदिराबाई म्हणजे तिच्या सासूबाई, जाऊन सहा वर्षे झाली होती. "सुरसागर तळ्यात दिवे सोडलेले दिसतात. त्यातला एक पाण्यातून वर येतो आणि आपल्या मागोमाग घरापर्यंत चालत येतो. दार लावून घेतले तर बाहेर बसून राहतो."

भास्करराव भिंतीला टेकून डोळे मिटून बसले होते. इंदिराबाईंना त्यांनी या स्वप्नावर काय दिले होते तेही त्यांना आठवत होते, आणि गुण आला नव्हता हेही.

"कुसुम, तेवढं परत वाच," ते म्हणाले.

तिने परत वाचले. नीराने लिहिणे थांबवून ऐकले. आजी तिला आठवत होती ती सुपारी कातरणारी आणि गड्यांवर ओरडणारी. तिच्या मागे दिवा चालत होता, हे तिने आयुष्यात कुणाला सांगितले नव्हते, एका वहीला सोडून.

*

येसूबाई आल्या होत्या त्या वही अडवायला. भास्कररावांची ही लेक सैन्यातल्या घराण्यात दिलेली. नवरा धनाजीराव पागेवर होते, आणि सासरी अजूनही सासूबाईंच्या परवानगीशिवाय पान हलत नसे. घरातल्या बायकांच्या मनातले चव्हाट्यावर मांडून मिळवलेली मान्यता काय चाटायची आहे, असे त्या सकाळपासून ऐकवत होत्या. रमाकांत शपथ आणि कलमे तोंडावर फेकत होता. बहीणभावांचे लहानपणापासून असेच, एकाने पूर्व म्हटले की दुसऱ्याने पश्चिम म्हणायचे.

"रोगी तिसरा," कुसुमावतीने वाचले, आणि नणंदेकडे पाहिले. "सौ. येसूबाई, वय बावीस. जळजळ. भांडण झाल्यावर वाढते."

"वहिनी, पान उलट."

"शपथ आहे," रमाकांत म्हणाला.

"तुझी शपथ. माझी नाही."

"वाच, कुसुम," भास्करराव म्हणाले.

"स्वप्ने. सासूबाई अंबारीत बसल्या आहेत, मिरवणूक निघाली आहे. माहूत मी आहे. मी हत्तीला शहराबाहेर काढते, आणि गोत्रीच्या शेतात नेऊन हत्तीसकट सोडून येते. येताना पायी येते. फार बरे वाटते."

आधी नीरा हसली. मग रमाकांत, आणि मग भास्करराव इतके हसले की त्यांना ठसका लागला. येसूबाईंनी तोंडाला पदर लावला. त्यांना वाटले होते की शरमेने आपण मरून जाऊ. पण बावीस वर्षांची ती मुलगी, उन्हातान्हात गोत्रीहून एकटी चालत येणारी, त्यांना एकदम समोर दिसली आणि तिची त्यांना माया आली. "हत्तीचं काय झालं पण?" त्या पदराआडून म्हणाल्या. "ते लिहिलंय का?"

"नाही लिहिलं."

"मी सांगितलं होतं. दामूदादाने गाळलं. हत्ती रात्री आपला आपण परत आला. एकटाच."

एकवीस वर्षांपूर्वीचे ते स्वप्न जणू कालच पडले होते. नीराला क्षणभर वाटले की माडीवर आपण पाच नाही, सात-आठ जण बसलो आहोत.

पाचवा रोगी होता रमाकांत, वय सतरा, डोकेदुखी. तो तेव्हा पाठशाळेचा दुसरा विद्यार्थी होता. पुढे वर्षभराने सोडून वकिलीकडे वळला.

"स्वप्ने," कुसुमावती वाचू लागली. "मी काळा कोट घालून उभा आहे. समोर पिंजऱ्यात तात्या आहेत. मी विचारतो, या गोळीत काय आहे? तात्या उत्तर देत नाहीत. मी परत विचारतो."

या वेळी कुणी हसले नाही. रमाकांत उठून पडद्यापाशी गेला, परत आला. विरुद्ध बाजूचा वकील हे पान हातात धरून काय काय करील, ते त्याला दिसत होते. पण खरे म्हणजे ते त्याचे दुखणे नव्हते. अठ्ठावीस तारखा तो या खटल्यात उभा राहिला होता, बापासाठी, आणि एकदाही त्याने स्वतःला विचारले नव्हते की त्या गोळीवर आपला विश्वास आहे का.

"हा मजकूर विषयाला सोडून आहे," तो म्हणाला. "एवढा गाळला तर कायद्याने—"

"शपथ आहे," येसूबाई म्हणाल्या.

"अक्का, मस्करी नको."

"मला गोत्रीहून चालत आणलंस तेव्हा नव्हती मस्करी? आता तूही चाल थोडं."

भास्करराव शांतपणे म्हणाले, "राहू दे, रमाकांता. उद्या ते मला हाच प्रश्न विचारतील. तुझा सराव जुना आहे. आणि उत्तर मलाही येत नाही, हेही तू तेव्हाच ओळखलं होतंस. लिही, नीरा."

*

कुसुमावतीने सकाळीच पाने मोजून ठेवली होती. नववा रोगी ती होती.

नीराला मोडी वाचता येत नव्हती, सासऱ्यांना दिसत नव्हते, नणंद आणि दीर यांना मोडी कधी जमलीच नाही. या घरात ते पान वाचू शकणारी एकटी ती. एकवीस वर्षांत तिने ते एकदाही उघडले नव्हते. उघडायची गरज नव्हती. सहावा, सातवा, आठवा रोगी वाचताना तिच्या डोळ्यांपुढे अक्षरे होती, पण मनात ती दुसरीच दुपार उभी होती.

लग्नाला दोन वर्षे झाली होती, पाचवा महिना चालू होता. दिवसा नवऱ्याशी बोलायची चाल नव्हती. तिला मळमळे, कंबर धरे, आणि कारण नसताना रडू येई. मामंजींनी दामोदराला सांगितले, घरचा रोगी आहे, तूच तपास. मग याच माडीवर, दार सताड उघडे ठेवून, तिचा नवरा वही घेऊन तिच्यासमोर बसला. लाजेने त्याचे कान लाल झाले होते. पुस्तकात शिकल्याप्रमाणे त्याने तिला चक्क अहोजाहो केले. आपल्याला तहान लागते का? आपल्याला एकटे असावेसे वाटते का? ती आधी पदरात हसली. मग त्याने विचारले, आपल्याला स्वप्ने पडतात का? आणि ती बोलू लागली. तासभर बोलत होती. त्याने एकदाही मध्ये तोंड घातले नाही. मान खाली घालून सगळे लिहीत गेला, आणि शेवटचे वाक्य लिहिताना त्याचा हात थांबला, पण ते वाक्यही त्याने लिहिले.

"आई? रोगी नववा," नीरा म्हणाली.

"रोगी नववा. सौ. कुसुमावती, वय एकोणीस," तिने वाचले. आवाज बरा लागला. "पाच महिने. मळमळ. कंबर. रडू येते, समजूत घातली की जास्त येते. स्वप्ने."

येसूबाई पुढे सरकल्या. नीराने लेखणी बुडवली. ती हसत होती, कारण या पानावर ती स्वतः होती, जन्माआधीची.

"स्वप्ने," कुसुमावती म्हणाली. "कमळांचे तळे आहे. पांढरी गाय काठावर येते, वासरू बरोबर आहे. एक सावळे मूल दुडदुडत येऊन मांडीवर बसते आणि लोणी मागते."

"अगदी डोहाळजेवणात सांगावं असं," येसूबाई म्हणाल्या. "आमच्या वाट्याला हत्ती, आणि वहिनीच्या मांडीवर बाळकृष्ण."

भास्कररावांनी मिटलेले डोळे उघडले. दिसत काही नव्हते, तरी ते सुनेच्या दिशेने पाहत राहिले.

कुसुमावतीला ते कळले नाही. घाट चढून आल्यासारखा तिने श्वास सोडला होता, आणि त्या सुटकेतच पुढची ओळ जशी होती तशी वाचून टाकली: "औषध. सेपिया, शक्ती दोनशे. एक पुडी."

नीराने 'से' लिहिले आणि लेखणी थांबली.

पाठशाळेत पहिल्या वर्षाच्या मुलांकडून औषधांची लक्षणे घोकून घेण्याचे काम नीराचे होते. सेपिया तर तिने इतक्यांदा घोकून घेतले होते की मुले झोपेत म्हणत. समुद्रातल्या माशाच्या शाईपासून होणारे औषध. कुणाला द्यावे? ज्या बाईचे मन घरच्याच माणसांवरून उडाले आहे तिला. नवरा नकोसा, मूल नकोसे, सगळ्यांपासून लांब जावेसे वाटते तिला. लोणी मागणाऱ्या बाळकृष्णावर सेपिया कुणी देत नाही. आजोबांनी तर नाहीच, आणि त्यांच्या हाताखाली शिकणाऱ्या बाबांनीही नाही.

वर्षानुवर्षे कुसुमावतीने या घरात पुड्या बांधल्या, बाटल्यांना चिठ्ठ्या लावल्या. कुठल्या बाटलीत कुणाचे मन बंद आहे, ते तिला कुणी शिकवले नव्हते. म्हणून तिने स्वप्न बदलले आणि औषध तसेच ठेवले.

"आई, सेपियाच आहे का?"

"सेपियाच लिहिलंय."

"मग स्वप्न दुसरं आहे," नीरा म्हणाली.

*

रमाकांतच्या लक्षात यायला वेळ लागला नाही. एक वर्ष का होईना, तोही शिकला होता. "औषध पल्सेटिला लिही," तो घाईने म्हणाला. "अशा स्वप्नाला ते चालतं."

"वहीत एक आणि नकलेत एक?" भास्करराव म्हणाले. "त्यांच्याकडे मोडी वाचणारा नाही असं वाटतं तुला?"

"मग स्वप्न राहू द्या, औषधही राहू द्या. त्यांना काय कळणार आहे?"

"त्यांनी बाहेरून एक होमिओपॅथ साक्षीला आणलाय, काका, तुम्हीच सांगितलंत," नीरा म्हणाली. "तो हे वाचेल आणि म्हणेल, बघा, स्वप्न पूर्वेचं, औषध पश्चिमेचं. हे लोक डोळे मिटून गोळ्या वाटतात. तेच तर ठरवायचंय त्यांना."

आईकडे ती पाहत नव्हती. तिला एकच कळत होते: पाच महिने म्हणजे मी. जे नको होते ते मी होते. समोर अर्धे लिहिलेले 'से' वाळत चालले होते. तिने लेखणी पुसली आणि दौतीला टोपण लावले.

"ही वही द्यायची नाही," ती म्हणाली. "खटला सोडून द्या, काका."

"अगं, सोडून काय? समाची खोली, तुझी पाटी, इतर दहा मुलं—"

"मी पुड्या बांधीन आईबरोबर. मुलं मुंबईला जातील. कुणाचं अडत नाही."

सकाळपासून वहीच्या विरोधात असलेल्या येसूबाई आता जिंकल्या होत्या, पण त्यांना त्यात गोडी वाटेना. त्या उठल्या आणि कुसुमावतीशेजारी जाऊन बसल्या. "वहिनी," त्या हळूच म्हणाल्या, "माझं वाचलंस तेव्हा वाटलं होतं, जमीन पोटात घेईल तर बरं. काही नाही होत गं. उलट हलकं वाटतं."

"वन्सं, तुमची सासू आज इथं बसलेली नव्हती."

येसूबाईंनी भावजयीचा हात धरून ठेवला.

कुसुमावतीने मुलीकडे पाहिले. टोपण घातलेली दौत, पुसलेली लेखणी, आणि बापासारखी खाली घातलेली मान. दुसऱ्यांचे ऐकताना असली मान या घरात दोघांचीच. तिला राग आला, स्वतःचा. ज्या माणसाने हात थांबला तरी खरे लिहिले, त्याच्या तोंडी आपण खोटे घातले. आणि त्याची मुलगी त्या खोट्यापायी आपली पाटी पुसायला निघाली आहे.

"टोपण काढ," ती म्हणाली. "लिही. स्वप्ने."

नीरा हलली नाही. मग तिने टोपण काढले.

"सुरसागरात नाव आहे. नावाडी नाही. मी एकटी बसले आहे. काठावर घरातले सगळे रांगेने उभे आहेत, हाका मारतात. पोटाकडे पाहते तो पोट सपाट आहे. मूल नाही." तिने एकेक शब्द मोडीतून सोडवून पुढे ठेवला, जशी ती इतरांचा ठेवत आली होती. "हलके वाटते. नाव पुढे जाते. परत जावेसे वाटत नाही. मी गाणे म्हणते."

वाळ्याच्या पडद्याआडून पोळेतल्या कुठल्याशा घड्याळाचे ठोके आले. रमाकांत पायाच्या अंगठ्याकडे पाहत होता. नीराने 'गाणे म्हणते' लिहून पूर्णविराम दिला. अक्षर कुठे हलले नव्हते. शिकवणच तशी होती.

"औषध, सेपिया दोनशे," कुसुमावती म्हणाली. "खाली दीड महिन्यानंतरचं आहे. दोनच शब्द. 'गुण आला.' आणि त्यांची सही. त्याखाली मामंजींची."

त्या दोन शब्दांवर भास्कररावांनी एकवीस वर्षे पाठशाळा चालवली होती. नाव न घेता हा नववा रोगी ते प्रत्येक नव्या वर्गाला सांगत: मन उडालेली बाई, एक पुडी, आणि मन परत आले.

नीराला विचारायचे होते ते दुसरेच, पण तोंडातून वैद्याचाच प्रश्न निघाला. "किती दिवसांनी गुण आला?"

"ती पुडी मी घेतलीच नाही," कुसुमावती म्हणाली.

भास्करराव भिंतीपासून पुढे झाले.

"माफ करा, मामंजी. न्हाणीच्या मोरीत टाकली. यांना सांगितलं घेतली म्हणून. दीड महिन्याने विचारलं तेव्हा मी बरं वाटतं म्हणाले. ते मात्र खोटं नव्हतं. दोन वर्षं या घरात मला कुणी काही विचारलं नव्हतं, यांनी विचारलं. तेवढ्याने रडू थांबलं."

"पण पुडी का नाही घेतलीस?" नीराने विचारले. तिचा आवाज आता वैद्याचा राहिला नव्हता.

"पुडी देताना हे म्हणाले, घेतलीस की मूल हवंसं वाटू लागेल. मला भीती वाटली. गोळीने माया आली तर ती माझी कशी म्हणायची? मग मला जन्मभर कळलं नसतं, ती गोळीची की माझी." ती पहिल्यांदा नीराच्या डोळ्यांत बघत होती. "खरं सांगते, तू झालीस तेव्हाही काही वाटलं नाही. आठ दिवस नुसती बघत होते. नवव्या दिवशी तू शिंकलीस, आणि मी इतकी घाबरले, इतकी घाबरले की बाई, हिला काही होतंय. बस. तेव्हापासून घाबरतेच आहे. ती माया माझी माझी आली आहे, नीरा. कुणी दिलेली नाही."

रमाकांत नकलेच्या कागदाकडे बघत म्हणाला, "हे नकलेत येत नाही. कोर्टाने वहीत आहे तेवढंच मागितलंय."

"मग 'गुण आला' लिहायचं का?" नीराने विचारले. "औषध तर पोटात गेलंच नाही, आजोबा."

पोळेतल्या लोकांनी हसावे, खात्याने हिणवावे, पोटच्या पोराने स्वप्नात पिंजऱ्यात उभे करावे, आणि शेवटी तीच पुडी मोरीत निघावी. या उतारवयात एवढे पुरे होते. पण भास्कररावांनी विचारले ते वेगळेच.

"कुसुम, नीट बघून सांग. दामूने 'औषधाने गुण आला' असं लिहिलंय?"

तिने वही उजेडाकडे धरली. "नाही. नुसतं 'गुण आला'."

"मग लिही, पोरी. माझ्या मुलाने खोटं लिहिलेलं नाही."

नीराने ते दोन शब्द लिहिले. लेखणी बाजूला ठेवली, आणि लहानपणी ठेवायची तसे आईच्या मांडीवर, वहीच्या शेजारी, डोके ठेवले. कुसुमावतीने तिला उठवले नाही. दहाव्या रोग्याला थोडे थांबावे लागले.